खेळासाठी पहारा उठवावा का?

व्यापारी कुटुंबातील संगणक क्वचितच एका मालकाचा असतो. दिवसभर तो पेढीचा असतो. त्यावर टॅलीत रोजकीर्द लिहिली जाते, जीएसटीची विवरणपत्रे भरली जातात, ई-वे बिले निघतात, बँकेचे व्यवहार होतात. रात्रीची जेवणे आटोपली की तोच संगणक चिरंजीवांच्या ताब्यात जातो आणि पडद्यावर खतावणीच्या जागी मोटारींची शर्यत सुरू होते, नाहीतर ठोकळ्याठोकळ्यांनी रचलेले एखादे नगर उभे राहू लागते. दुकानाच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या, किंवा पेढीचा लॅपटॉप रात्री घरी आणणाऱ्या कुटुंबांत हे नेहमीचेच आहे आणि त्यात गैर मानण्यासारखे काही नाही.

परंतु या दोन पाळ्यांच्या मधल्या वेळेत कधी कधी एक लहानशी घटना घडते आणि तिची वार्ता वडीलधाऱ्यांपर्यंत पोहोचत नाही. खेळ अडखळू लागतो. ऐन रंगात चित्र गोठते, नव्याने उतरवलेला खेळ उघडतच नाही, किंवा आदल्या दिवशी जिथे सोडला होता ती जागा साठवलेलीच नसते. मुलगा मित्राला विचारतो आणि मित्र अनुभवी वैद्याच्या थाटात सांगतो, "अँटिव्हायरस बंद करून टाक." दोन-चार क्लिकमध्ये पहारा उठतो. खेळ सुरळीत चालतो, मुलगा समाधानाने झोपतो आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दिवाणजी त्याच बिनपहाऱ्याच्या संगणकावर बँकेचा पासवर्ड टाकू लागतात.

अशा वेळी मोठ्यांची पहिली प्रतिक्रिया खेळांवर घसरण्याची असते. ती बाजूला ठेवून आधी एक मान्य केले पाहिजे, की मुलाची तक्रार बहुधा खरी असते. अँटिव्हायरस खेळात खरोखरच अडथळा आणू शकतो. तो का आणतो हे समजून घेतले, तर तो दूर करण्यासाठी संपूर्ण पहारा उठवण्याची गरज नाही हेही लक्षात येते.

नाक्यावरचा खोळंबा

मुंबईच्या वेशीवरील जकात नाके ज्यांनी पाहिले आहेत त्यांना अँटिव्हायरसची कार्यपद्धती समजावून सांगण्यास फार शब्द लागणार नाहीत. १ जुलै २०१७ रोजी जीएसटी आला आणि ते नाके इतिहासजमा झाले. तोवर शहरात शिरणारा प्रत्येक मालट्रक तिथे थांबे, कागद दाखवी आणि मगच पुढे सरके. अँटिव्हायरसचा एक भाग विंडोजच्या फाइल-व्यवस्थेत असाच वाटेवर बसलेला असतो. कोणत्याही प्रोग्रॅमने एखादी फाइल उघडू म्हटले, की ती आधी त्याच्या नजरेखालून जाते. हिशेबाच्या कामात हा थांबा जाणवत नाही, कारण तिथे ट्रक मोजकेच असतात. आजचा मोठा खेळ मात्र शंभर गिगाबाइटच्याही पुढे जातो, आणि काही खेळांच्या पोटात हजारो लहानमोठ्या फाइली असतात. एक दृश्य संपून दुसरे सुरू होताना त्यांतील कित्येक एकाच वेळी मागवल्या जातात आणि नाक्यावर रांग लागते. एकदा तपासलेली फाइल न बदलल्यास पहारेकरी ती लक्षात ठेवतो आणि पुन्हा पुन्हा अडवत नाही. म्हणूनच खेळाचे नवे अपडेट आल्यावर पहिल्यांदा तो उघडण्यास अधिक वेळ लागतो. त्यामागे हे एक कारण असते.

दुसरा अडथळा वेळापत्रकाचा. संपूर्ण संगणकाची साप्ताहिक तपासणी नेमकी रात्री नऊला लावलेली असेल, तर खेळाच्या वेळी डिस्क आणि प्रोसेसर दोन धन्यांची चाकरी करीत असतात. तिसरा किरकोळ, पण चीड आणणारा: पूर्ण पडद्यावर खेळ चालू असताना 'आपली सदस्यता संपत आली आहे' अशी सूचना वर येते आणि खेळ मागे ढकलला जातो. या सूचनेचा संरक्षणाशी फारसा संबंध नसतो, विक्रीशी असतो. तिच्यावर मुलांचा राग असेल तर तो रास्त आहे.

खरी पंचाईत होते ती चौथ्या प्रकारात. अँटिव्हायरस खेळाचीच एखादी फाइल संशयित ठरवून कोठडीत टाकतो. याला विलगीकरण, किंवा संगणकाच्या भाषेत क्वारंटाइन म्हणतात. निर्दोष फाइल अशी अडकण्याची कारणे आहेत. खेळाची नक्कल होऊ नये म्हणून अनेक निर्माते आपला मुख्य प्रोग्रॅम आवळून, गुंडाळून, कुलूपबंद स्वरूपात देतात, आणि विषाणू लिहिणारेही आपला माल अशाच वेष्टनात दडवतात. ऑनलाइन खेळांत लबाडी पकडणारे प्रोग्रॅम इतर प्रोग्रॅमांच्या स्मृतीत डोकावतात, आणि हेरगिरी करणारे प्रोग्रॅमही तेच करतात. एखाद्या छोट्या, हौशी निर्मात्याचा नवा खेळ असेल तर त्याला ना ओळख असते ना डिजिटल स्वाक्षरी. अनोळखी हुंडी पेढीवर आली तर मुनीम ती लगेच वटवत नाही, उलटसुलट करून पाहतो. तेच इथे होते. मुनीम चुकू शकतो, पण त्याच्या संशयाला काही आधार असतो.

पाचवा प्रकार फारसा कोणाला ठाऊक नसतो. विंडोजमध्ये 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' नावाची एक सोय २०१७ पासून आहे. ती आपणहून चालू नसते. एखाद्या जाणकार संगणकवाल्याने किंवा सीएंच्या सल्ल्याने ती चालू केलेली असते. ती असली की डॉक्युमेंट्ससारख्या ठरावीक फोल्डरांत अनोळखी प्रोग्रॅमला काहीही लिहिता वा बदलता येत नाही. फायली कुलूपबंद करून खंडणी मागणाऱ्या रॅन्समवेअरला रोखण्यासाठी ती आहे. मात्र अनेक खेळ आपली प्रगती साठवतात ती नेमकी डॉक्युमेंट्समध्येच. मग तीन तास खेळलेला खेळ साठवला जात नाही, कारण पडद्यावर स्पष्ट दिसत नाही, आणि दोष भलत्याच गोष्टीवर जातो.

जुनी सोबत

खेळ आणि विषाणू यांची सोबत आजची नाही. १९८२ मध्ये अमेरिकेतील पिट्सबर्गजवळ राहणाऱ्या रिच स्क्रेंटा या पंधरा वर्षांच्या शाळकरी मुलाने ॲपल-२ संगणकासाठी 'एल्क क्लोनर' नावाचा खोडकर प्रोग्रॅम लिहिला. मित्रांमध्ये खेळांच्या फ्लॉपींची देवाणघेवाण चाले, त्या वाटेने तो पसरला. दर पन्नासाव्या वेळी संगणक सुरू केला की पडद्यावर एक बडबडगीत उमटे. त्यापलीकडे त्याचा विशेष उपद्रव नव्हता. घरगुती संगणकांत मोकळेपणाने पसरलेल्या अगदी पहिल्या विषाणूंपैकी तो एक, आणि त्याचे वाहन होते खेळ.

आपल्याकडे हीच कथा सीडीच्या काळात घडली. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून जोडणी करून आणलेल्या संगणकाबरोबर खेळांच्या चोरट्या सीडी घरोघरी आल्या आणि त्यांतून काय काय आले याचा हिशेब कोणी ठेवला नाही. त्याच दशकात पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्तीपासून सुरुवात केलेल्या कैलास काटकर यांनी बंधू संजय यांच्यासह अँटिव्हायरसचा व्यवसाय उभा केला. १९९५ मध्ये स्थापन झालेली त्यांची कंपनी पुढे क्विक हील या नावाने ओळखली जाऊ लागली. महाराष्ट्रातील अनेक पेढ्यांच्या संगणकावर आज जो पहारेकरी दिसतो तो असा घरचाच आहे.

पुढे खोड्यांची जागा धंद्याने घेतली. २०१५ च्या आरंभी 'टेस्लाक्रिप्ट' नावाचे रॅन्समवेअर आले. त्याने दस्तऐवज आणि छायाचित्रे तर कुलूपबंद केलीच, पण सुमारे चाळीस खेळांच्या साठवलेल्या फाइली मुद्दाम हेरून त्याही बंद केल्या. खेळात महिने घालवलेला तरुण त्यासाठी पैसे मोजेल, हा त्यामागचा हिशेब होता. मागणी असे सुमारे पाचशे डॉलरची, बिटकॉइनमध्ये. मे २०१६ मध्ये या टोळीने अचानक दुकान बंद केले आणि सर्व कुलुपांची मुख्य किल्लीही जाहीर करून टाकली. असे औदार्य या धंद्यात अपवादानेच दिसते. त्यावर कोणी भरवसा ठेवू नये.

आपल्या विषयाशी सर्वांत जवळचे उदाहरण जून २०२१ मधले आहे. अवास्ट या अँटिव्हायरस बनवणाऱ्या चेक कंपनीने 'क्रॅकोनॉश' नावाच्या उपद्रवाचा शोध लावला. 'ग्रँड थेफ्ट ऑटो ५', 'एनबीए २के १९' अशा लोकप्रिय खेळांच्या फुकट मिळणाऱ्या चोरट्या प्रतींत तो दडवलेला होता. जगभरात दोन लाख बावीस हजारांहून अधिक संगणक त्याने ग्रासले. भारतात त्यांची संख्या तेरा हजारांच्या वर होती. त्याची पद्धत पाहण्यासारखी आहे. तो संगणकाला 'सेफ मोड'मध्ये पुन्हा सुरू व्हायला लावी. त्या अवस्थेत अँटिव्हायरस जागा नसतो. तेवढ्यात तो विंडोजचा डिफेंडर निकामी करी, इतर कंपन्यांचे अँटिव्हायरस पुसून टाकी, आणि पडद्याच्या कोपऱ्यात विंडोज सिक्युरिटीचे चिन्ह मात्र आणून ठेवी. घरच्यांना वाटे, पहारा आहे. प्रत्यक्षात संगणक रात्रंदिवस चोरांसाठी मोनेरो हे आभासी चलन खणत असे. त्यांची कमाई वीस लाख डॉलरच्या पुढे गेल्याचे अवास्टचे अनुमान होते. वीजबिल अर्थातच घरमालकाचे.

चोरट्या प्रतींबरोबर येणाऱ्या सूचनांत पहिलीच ओळ बहुधा 'स्थापना करण्यापूर्वी अँटिव्हायरस बंद करा' अशी असते. ज्याच्या मालात खोट आहे तोच तराजूवर झाकण घालायला सांगतो, हे व्यापाऱ्याच्या मुलाला वेगळे शिकवावे लागू नये.

तरीही चोरीचा माल टाळला म्हणजे चिंता मिटली असे नाही. जून २०२३ मध्ये 'माइनक्राफ्ट' या मुलांच्या अतिशय आवडत्या खेळाच्या काही जोड-प्रोग्रॅमांत, ज्यांना 'मॉड' म्हणतात, 'फ्रॅक्चरायझर' नावाचा उपद्रव सापडला. हे मॉड कर्सफोर्जसारख्या प्रतिष्ठित ठिकाणांवरून उतरवले जात होते, आणि ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड व लॉग-इन चोरणे हा त्या उपद्रवाचा उद्देश होता. फेब्रुवारी २०२५ मध्ये तर स्टीम या जगातील अग्रगण्य खेळ-बाजारात 'पायरेटफाय' नावाचा फुकट खेळच पासवर्डचोर निघाला. बाजाराच्या चालकांनी तो काढून टाकला आणि ज्यांनी तो उतरवला होता त्यांना अँटिव्हायरसने पूर्ण तपासणी करण्याचा, जमल्यास विंडोज नव्याने टाकण्याचाही सल्ला दिला. या दोन प्रकारांत मुलांच्या खेळाचे फारसे बिघडले नसेल. पण ज्या ब्राउझरमध्ये पेढीच्या बँकेचा आणि जीएसटी पोर्टलचा पासवर्ड 'लक्षात ठेव' म्हणून सोडलेला आहे, त्याच ब्राउझरशेजारी हा पाहुणा उतरला असता तर काय झाले असते, याची कल्पना ज्याची त्याने करावी.

एक खोली वगळणे

आता उपायाकडे वळू. पहारेकऱ्याला घरी पाठवण्याऐवजी त्याला सांगावे, की अमुक एका खोलीत डोकावू नकोस, बाकी सर्वत्र फिर. प्रत्येक अँटिव्हायरसमध्ये ही सोय असते. तिला 'एक्सक्लूजन' किंवा 'एक्सेप्शन' म्हणतात. मुलाने आणि वडिलांनी शेजारी बसून पाच मिनिटांत करण्याजोगे हे काम आहे.

संगणकावर वेगळा अँटिव्हायरस नसेल तर विंडोजचा स्वतःचा डिफेंडर पहाऱ्यावर असतो. 'विंडोज सिक्युरिटी' उघडावे, 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन'मध्ये जावे, तेथील 'मॅनेज सेटिंग्ज'वर टिचकी द्यावी आणि पान खाली सरकवून 'एक्सक्लूजन्स' गाठावे. तिथे नवे एक्सक्लूजन जोडताना 'फोल्डर' हा पर्याय निवडून केवळ त्या एका खेळाचे फोल्डर दाखवावे. स्टीमवरून घेतलेले खेळ साधारणपणे स्टीमच्या फोल्डरातील 'स्टीमॲप्स' आणि त्यातील 'कॉमन' या फोल्डरात खेळाच्या नावाने असतात. क्विक हील किंवा अन्य अँटिव्हायरस असेल तर हीच सोय त्याच्या सेटिंग्जमध्ये मिळते.

इथे एक मर्यादा काटेकोरपणे पाळावी. कंटाळा आला म्हणून संपूर्ण सी ड्राइव्ह, डेस्कटॉप किंवा डाउनलोड्सचे फोल्डर वगळणे म्हणजे खोलीऐवजी दिंडी दरवाजाच सताड उघडणे होय. बाहेरून आलेली प्रत्येक वस्तू आधी डाउनलोड्समध्येच उतरते. ती जागा तर कदापि वगळू नये. फोल्डर वगळण्यापूर्वी अँटिव्हायरस अद्ययावत करून त्या फोल्डराची एक स्वतंत्र तपासणी करून घ्यावी, म्हणजे ज्या खोलीत पहारेकरी यापुढे डोकावणार नाही तिथे आधीच कोणी दबा धरून बसलेले नाही याची खात्री होते. आणि खेळाचा कंटाळा येऊन तो काढून टाकला, की ती सूटही काढून टाकावी. मुले खेळ काढतात, सूट तशीच राहते. वर्षभराने सेटिंग्ज उघडून पाहिली तर विस्मृतीत गेलेल्या सात-आठ खोल्या बिनपहाऱ्याच्या सापडतात.

फाइल क्वारंटाइनमध्ये गेली असेल तर ती सोडवण्याची घाई करू नये. खेळ अधिकृत ठिकाणाहून घेतला आहे का, हा पहिला प्रश्न. घेतला असेल तर ती संशयित फाइल 'व्हायरसटोटल' या गुगलच्या मालकीच्या सेवेवर चढवून पाहता येते. तिथे सत्तरच्या आसपास वेगवेगळ्या तपासण्या एकाच वेळी होतात. एक-दोघांनीच संशय घेतला आणि बाकी सर्वांनी निर्वाळा दिला, तर तो बहुधा गैरसमज असतो. निम्म्यांनी बोट दाखवले तर विषय संपला. मात्र या सेवेवर चढवलेली फाइल जगभरच्या सुरक्षा कंपन्यांना उपलब्ध होते. त्यामुळे खेळाची फाइल चढवणे ठीक. पार्टीचे बिल, करारनामा किंवा ताळेबंद तिथे कधीही चढवू नये. फाइल निर्दोष ठरल्यावर अँटिव्हायरसच्या इतिहासातून ती परत आणावी, आणि स्टीममध्ये फाइलींची अखंडता तपासण्याची जी सोय आहे ती वापरून राहिलेली तूट भरून काढावी.

खेळ साठवला जात नसेल आणि कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस चालू असेल, तर ती सोय बंद न करता तिच्यातच त्या खेळाला परवानगी द्यावी. तसा पर्याय तिथेच आहे. व्यापाऱ्याच्या डॉक्युमेंट्स फोल्डरावरचे हे कुलूप मोलाचे असते. सूचनांच्या कटकटीसाठी 'गेम मोड' किंवा 'सायलेंट मोड' चालू करावा. त्याने पहारा उठत नाही, पहारेकरी केवळ बोलणे थांबवतो आणि नियोजित तपासण्या पुढे ढकलतो. साप्ताहिक तपासणी दुपारच्या जेवणाच्या वेळेवर नेली, की रात्रीचा आणखी एक तंटा मिटतो.

दोष नेहमी पहारेकऱ्याचा नसतो

एवढे करूनही खेळ अडखळत असेल तर? तर बहुधा अँटिव्हायरस निरपराध आहे. खेळ चालू असताना कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही बटणे एकत्र दाबून 'टास्क मॅनेजर' उघडावा. डिफेंडर तिथे 'अँटिमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल' या लांबलचक नावाने वावरतो. तो प्रोसेसरचा मोठा वाटा घेत असेल तर तक्रार खरी. तो शांत बसला असेल आणि स्मृतीचा किंवा डिस्कचा रकाना शंभर टक्क्यांना टेकला असेल, तर कारण तिथे आहे. पेढीसाठी घेतलेल्या संगणकात बहुधा वेगळे ग्राफिक्स कार्ड नसते, कारण खतावणीला ते लागत नाही. कोणताही अँटिव्हायरस बंद केल्याने संगणकात ग्राफिक्स कार्ड उगवत नाही. फिरत्या हार्ड डिस्कच्या जागी एसएसडी बसवली आणि पंख्यातली धूळ काढली, तर खेळ आणि टॅली दोन्ही वेगाने उघडतात. काही ठिकाणी दुकानदाराने एक, मग ओळखीच्या संगणकवाल्याने दुसरा, असे दोन अँटिव्हायरस एकाच यंत्रावर टाकलेले आढळतात. दोन पहारेकरी एकमेकांचीच झडती घेत बसतात. त्यांतला एक रीतसर काढून टाकावा.

काही ऑनलाइन खेळ आपला स्वतःचा पहारेकरी घेऊन येतात, आणि त्यांच्याविषयी मात्र माझे मत कठोर आहे. २०२० मध्ये आलेल्या 'व्हॅलोरंट' या खेळाबरोबर 'व्हॅनगार्ड' नावाचा लबाडीरोधक प्रोग्रॅम बसतो. तो संगणक सुरू होताच जागा होतो आणि विंडोजच्या अगदी गाभ्यात, अँटिव्हायरसच्या बरोबरीच्या अधिकाराने काम करतो. त्याचा हेतू चांगला आहे, कारण लबाडी करणारेही त्याच गाभ्यात शिरू पाहतात. परंतु इतका अधिकार असलेली वस्तू चुकीच्या हाती पडली तर काय होते याचे उदाहरण आहे. 'गेनशिन इम्पॅक्ट' या खेळाच्या लबाडीरोधक ड्रायव्हरची प्रत वापरून रॅन्समवेअर टोळीने अँटिव्हायरसच बंद पाडल्याचे ऑगस्ट २०२२ मध्ये ट्रेंड मायक्रो या सुरक्षा कंपनीने उघड केले. त्यासाठी पीडिताच्या संगणकावर तो खेळ असण्याचीही गरज नव्हती, ड्रायव्हरची फाइल पुरेशी होती. मुलाने हे खेळ जरूर खेळावेत, पण ज्या यंत्रावर पेढीची खाती आहेत त्यावर नव्हे.

येथे मूळ प्रश्न समोर येतो. एकाच यंत्रावर रोजकीर्द आणि खेळ नांदवणे ही सोय आहे, पण तिची किंमत मोजण्याची वेळ येऊ शकते. जीएसटी कायद्यानुसार हिशेबाची कागदपत्रे वार्षिक विवरणपत्र भरण्याच्या अंतिम मुदतीपासून ७२ महिने जपून ठेवावी लागतात. 'मुलाच्या खेळात गेली' हे उत्तर अधिकाऱ्यापुढे चालत नाही. शक्य असेल तर दोन यंत्रे वेगळी करावीत. टॅलीला बलाढ्य संगणक लागत नाही. बहुतेक घरांत नवा संगणक पेढीला आणि जुना मुलाला मिळतो. व्यवहार पाहता क्रम उलटा असायला हरकत नाही. फक्त जुना संगणक विंडोज १० वर अडकलेला नसावा, कारण त्या आवृत्तीचा सर्वसाधारण आधार १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आणि अशा यंत्रावर बँकेचे काम करणे शहाणपणाचे नाही.

एकच यंत्र ठेवणे भाग असेल तर मुलासाठी विंडोजमध्ये वेगळे 'स्टँडर्ड' खाते उघडावे आणि प्रशासकाचा पासवर्ड वडिलांपाशी किंवा आईपाशी ठेवावा. मग पहारा उठवायचा असो वा एखादे फोल्डर वगळायचे असो, संगणक पासवर्ड मागतो आणि मुलाला हाक मारावी लागते. त्या हाकेला 'बंद कर तो खेळ' असे उत्तर मिळत गेले, तर मूल पुढच्या वेळी हाक मारणार नाही, पळवाट शोधेल. म्हणून शेजारी बसून सूट देण्याची वर सांगितलेली पाच मिनिटे काढावीत. आणखी एक बाब पाहावी. टॅलीप्राइमचा डेटा सर्वसाधारणपणे विंडोजच्या 'पब्लिक' फोल्डरात असतो, आणि पब्लिक म्हणजे नावाप्रमाणेच सर्वांसाठी खुले. मुलाचे खाते वेगळे केले तरी त्या फोल्डरात त्याला, आणि त्याच्या खात्यातून शिरलेल्या कोणालाही, जाता येते. आपल्या टॅलीवाल्याकडून डेटा दुसऱ्या, केवळ पेढीच्या खात्याला उघडणाऱ्या फोल्डरात हलवून घ्यावा. बॅकअप बाहेरच्या हार्ड डिस्कवर घ्यावा आणि तो झाला की डिस्क काढून कपाटात ठेवावी. संगणकाला जोडून ठेवलेली डिस्क रॅन्समवेअर त्याच दमात कुलूपबंद करते.

आपल्या घरी पहारा आधीच उठलेला असल्याची शंका असेल तर आज रात्रीच विंडोज सिक्युरिटी उघडून पाहावे. एक्सक्लूजन्सच्या यादीत अनोळखी फोल्डर दिसले तर ती नोंद काढून टाकावी. मग 'स्कॅन ऑप्शन्स'मधून डिफेंडरची ऑफलाइन तपासणी लावावी. ती विंडोज सुरू होण्यापूर्वी चालते, सुमारे पंधरा मिनिटे घेते आणि लपून बसलेल्यांना तिच्यापुढे दडणे अवघड जाते. उघडे असलेले काम मात्र आधी साठवून घ्यावे, कारण संगणक पुन्हा सुरू होतो. काही सापडले तर नेट तोडावे आणि बँक, ईमेल व जीएसटी पोर्टलचे पासवर्ड त्या संगणकावरून नव्हे, तर दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून बदलावेत. खात्यातून रक्कम गेल्याचे लक्षात आले तर बँकेला कळवून त्याच क्षणी १९३० हा राष्ट्रीय सायबर मदत क्रमांक फिरवावा. रक्कम पुढच्या खात्यात सरकण्यापूर्वी ती गोठवण्याची संधी पहिल्या काही तासांतच सर्वाधिक असते.